गोंगाटाने दिलेली साक्ष

ओहमच्या नियमाचं प्रॅक्टिकल आठवतंय? सगळे बिंदू सरळ रेषेवर आले की जर्नलवर लगेच सही व्हायची. आलेख जितका सुबक तितका प्रयोग खरा, ही चुकीची समजूत तिथूनच डोक्यात बसते. खरेपणा बघायचा तो रेषेभोवतीच्या बारीक थरथरीत. यान हेन्ड्रिक शोन हा जर्मन भौतिकशास्त्रज्ञ तिच्यामुळेच पकडला गेला.

अमेरिकेतल्या बेल लॅब्ज या संशोधनसंस्थेत काम करणाऱ्या शोनचा 2001 मध्ये सरासरी दर आठ दिवसांनी एक शोधनिबंध निघत होता. रेणूंच्या एकाच थरापासून ट्रान्झिस्टर बनवल्याचा त्याचा दावा खूप गाजला, पुरस्कारही मिळाले. 2002 मध्ये लिडिया सोन आणि पॉल मॅक्युएन या भौतिकशास्त्रज्ञांना दिसलं, की अगदी वेगळ्या तापमानांना केलेल्या प्रयोगांत गोंगाट, म्हणजे रेषेभोवतीची ही थरथर, मात्र हुबेहूब तोच आहे.

हे का अशक्य? तारेतले इलेक्ट्रॉन उष्णतेमुळे सैरावैरा हलत असतात, त्यामुळे टोकांमधला विद्युतदाब सतत किंचित वरखाली होतो. हा औष्णिक गोंगाट जॉन जॉन्सन यांनी मोजला आणि हॅरी नायक्विस्ट यांनी 1928 मध्ये त्याचं गणित मांडलं. दोघंही बेल लॅब्जचेच! दाबातली थरथर निरपेक्ष (केल्विनमध्ये मोजलेल्या) तापमानाच्या वर्गमुळाच्या प्रमाणात असते. रोध तोच ठेवून 300 केल्विनवरून 3 केल्विनवर गेलं, तर ती दहावा हिस्सा उरते. शिवाय तिचा आकार दर वेळी नवा. समजा, 20 बिंदू रेषेच्या वर की खाली एवढंच जुळवायचं आहे. 20 नाणी उडवून आधीचाच छापा-काट्याचा क्रम यावा, तसं हे: शक्यता 10,48,576 मध्ये एक. इथे तर झोक्यांची उंचीसुद्धा जुळत होती.

चुकून तोच आलेख पाठवला, असं शोन म्हणाला. मग तोच गोंगाट तिसऱ्या निबंधातही सापडला.

पाण्यावर चालणाऱ्या मोटारीचे व्हिडिओ पुढे ढकलणाऱ्यांनी एकदा तरी विचारावं: मूळ नोंदी कुठे आहेत? शोनची चौकशी करणाऱ्या माल्कम बीझली यांच्या समितीनेही तेच विचारलं. 24 आरोपांपैकी 16 सिद्ध झाले. प्रयोगवही ठेवलेलीच नव्हती, संगणकावरच्या मूळ फाइल जागा नाही म्हणून पुसलेल्या. मोजलेले नमुनेही खराब झालेले किंवा टाकून दिलेले. पुन्हा मोजायला काहीच शिल्लक नव्हतं.