दुपारच्या जेवणावर अडलेला सिनेमा

'सेव्हन सामुराई' हा जपानी पिक्चर म्हटलं की सगळे त्याचा डायरेक्टर म्हणून कुरोसावा कुरोसावा करतात, बरोबरच आहे, पण तो लिहिणाऱ्या तिघांतला एक म्हणजे शिनोबु हाशिमोतो, आणि या माणसाची स्वतःची स्टोरीपण काही कमी नाहीये.

जन्म १९१८ चा, जपानमधल्या ह्योगोतला. १९३८ ला सैन्यात गेला तर टीबी निघाला, मग चार वर्षं ओकायामाच्या सॅनिटोरियममधे पडून. तिथे एका पेशंटने सिनेमाचं मासिक वाचायला दिलं, त्यात पटकथा छापलेली, ती वाचून याला वाटलं एवढंच असतं होय, हे तर मलापण जमेल. जपानमधला सगळ्यात भारी पटकथालेखक कोण, तर मान्साकु इतामी. पठ्ठ्याने लिहून थेट त्यालाच पाठवलं! आणि इतामीने, स्वतः आजारी असून, याला शिकवलं.

१९४६ ला इतामी गेला. पुढे अकुतागावा या जपानी लेखकाच्या कथेवर हाशिमोतोने लिहिलेली पटकथा कुरोसावाकडे पोचली, ती लांबीला कमी पडली म्हणून अकुतागावाचीच अजून एक कथा जोडली, तोच १९५० चा 'राशोमोन'. पुढच्या वर्षी व्हेनिसच्या फिल्म फेस्टिव्हलला गोल्डन लायन, म्हणजे तिथलं सगळ्यात मोठं बक्षीस. पहिल्याच पिक्चरला, बोला आता.

'सेव्हन सामुराई'चा किस्सा तर मला फार आवडतो. मुळात एका सामुराईचा, म्हणजे जुन्या जपानी योद्ध्याचा, एक दिवस दाखवायचा होता, सकाळी उठण्यापासून संध्याकाळच्या हाराकिरीपर्यंत (म्हणजे पोट चिरून आत्महत्या). पण त्या काळी सामुराई दुपारी जेवायचे का, दिवसाला जेवणं दोन की तीन, हेच नक्की कळेना, झालं, विषय बंद. मग फिरस्ते सामुराई पोट कसं भरायचे हे शोधताना शेतकऱ्यांनी जेवणाच्या भाताच्या बदल्यात गावाला राखण म्हणून ठेवलेले सामुराई सापडले, आणि त्यावरच हा पिक्चर झाला. (शोलेवाल्यांनी इकडे कान द्यावा.)

कुरोसावा सोडूनपण त्याचं काम मोठं आहे. डायरेक्टर कोबायाशीसाठी 'हाराकिरी' (१९६२) लिहिला, शिवाय १९५९ ला युद्धगुन्हेगार ठरवलेल्या न्हाव्याची गोष्ट स्वतः डायरेक्ट केली, १९७३ ला पटकथेत अख्खा जपान बुडवला, तो 'जपान सिंक्स'.

पण माझ्या मते कमाल १९७४ च्या 'कॅसल ऑफ सँड'ची. मात्सुमोतो या लेखकाच्या मूळ कादंबरीत कुष्ठरोगी बाप आणि पोराची भटकंती जेमतेम काही ओळीत आटपते. हाशिमोतो आणि योजी यामादाने नेमकी तीच ताणली, पोलीस मीटिंगमधे केस सांगतोय, तिकडे मोठा झालेला पोरगा स्टेजवर पियानो वाजवतोय आणि मधेमधे बर्फातून, उन्हातून चाललेले ते दोघं, जवळपास संवादच नाहीत. पटकथा वर्षानुवर्षं पडून होती, शेवटी हाशिमोतोने स्वतःची कंपनी काढली तेव्हा कुठे पिक्चर झाला.

१९८२ ला मात्र 'लेक ऑफ इल्यूजन्स' स्वतः लिहून डायरेक्ट केला, कुत्रा मारला म्हणून सूडाला पेटलेली बाई, पळापळी आणि शेवटी थेट अंतराळ! सणकून आपटला. पुढे २००६ ला आठवणींचं पुस्तक आलं, आणि तरुणपणी टीबीने झोपवलेला हा माणूस २०१८ ला वयाच्या शंभराव्या वर्षी गेला.