पद्मेकाठचं घर आणि ऋत्विक घटक

ऑगस्ट २०२४ मध्ये बांगलादेशातल्या राजशाही शहरात मियापाड्यातलं एक जुनं घर जमीनदोस्त झालं. ते बंगाली लेखक-चित्रपट दिग्दर्शक ऋत्विक घटक यांचं वडिलोपार्जित घर होतं. ४ नोव्हेंबर २०२५ ला त्यांच्या जन्माला शंभर वर्षं पूर्ण होणार होती. कुणाही लेखकाचं घर पाडलं गेलं की वाईट वाटतं, पण घटकांनी जन्मभर सुटलेल्या घराचीच गोष्ट सांगितली, म्हणून हे जास्त लागतं.

घटक ढाक्यात जन्मले. प्रतीती ही त्यांची जुळी बहीण. वडील सुरेशचंद्र जिल्हा दंडाधिकारी होते आणि कविता-नाटकंही लिहीत. थोरले भाऊ मनीष घटक बंगालीतले नावाजलेले लेखक. महाश्वेता देवी या मनीष यांच्या कन्या, म्हणजे ऋत्विक त्यांचे काका. पण दोघांच्या वयात अंतर जेमतेम सव्वादोन महिन्यांचं. अशा लिहित्या घरातला हा मुलगा राजशाहीत पद्मेच्या काठी वाढला. १९४३ च्या दुष्काळात त्याने माणसं अन्नावाचून मरताना पाहिली आणि १९४७ मध्ये राजशाही परमुलखात गेलं. कोलकात्यात लोंढ्याने येणारे निर्वासित पुढे त्यांच्या बहुतेक कामाच्या मुळाशी राहिले.

घटक मुळात कथालेखक, हे आपण सहसा विसरतो. कथा मोजक्या लोकांपर्यंत पोहोचते म्हणून ते नाटकाकडे गेले. विजन भट्टाचार्य यांच्या ‘नबान्न’ या दुष्काळावरच्या नाटकाने त्यांना इप्टाच्या (इंडियन पीपल्स थिएटर असोसिएशन) चळवळीत ओढलं. ‘दलिल’ हे फाळणीवरचं त्यांचं नाटक १९५३ च्या मुंबईतल्या इप्टा अधिवेशनात गौरवलं गेलं. नाटकालाही प्रेक्षक शेकड्यांतच मिळतात, सिनेमा लाखोंना एकदम भिडतो, म्हणून पुढे सिनेमा. याहून चांगलं माध्यम सापडलं तर सिनेमाही सोडून देईन, असं ते उघड सांगत. मला यात सिनेमाविषयीची बेफिकिरी दिसत नाही. सांगायचं ते इतकं निकडीचं होतं की माध्यम दुय्यम ठरलं. त्याच निकडीने त्यांनी १९५४ मध्ये सांस्कृतिक आघाडीवर एक टिपण लिहून कम्युनिस्ट पक्षाला दिलं. १९५५ मध्ये पक्षाने त्यांना काढून टाकलं.

मग पोटासाठी मुंबई. फिल्मिस्तानमधली पटकथालेखनाची नोकरी त्यांना मानवली नाही, पण मुंबईतल्या त्याच दिवसांच्या आगेमागे बिमल रॉय यांच्या ‘मधुमती’ची (१९५८) कथा त्यांच्या हातून उतरली. त्यातली गाणी आपल्याकडे घरोघरी पाठ आहेत. ही पुनर्जन्माची गोष्ट घटकांची, हे मात्र अनेकांना सांगावं लागतं.

कोलकात्यात परतल्यावर ‘अजांत्रिक’ आला आणि १९६० मध्ये ‘मेघे ढाका तारा’. निर्वासित वस्तीतली नीता नोकरी करून सगळं घर ओढते आणि त्यातच संपते. प्रियकर दुरावल्याचं कळून ती जिना उतरते तेव्हा चाबकाचे फटकारे ऐकू येतात. पडद्यावर चाबूक कुठेच नाही. कितीही वेळा पाहिलं तरी या जागी अंगावर काटा येतो. उमेला साद घालणाऱ्या लोकगीताचे सूरही याच सिनेमात आहेत. आपल्याकडे गौरीची पाठवणी करणाऱ्या घरांना त्यांतली कालवाकालव समजावून सांगावी लागणार नाही. माहेर आणि देश या दोन्हींची ताटातूट घटकांनी एकाच सुरात बांधली.

‘कोमल गांधार’मध्ये (१९६१) कॅमेरा रुळांवरून भरधाव जातो आणि जिथे लोहमार्ग खुंटतो तिथे पडदा काळा होतो. पलीकडे पद्मा, आणि पद्मेपलीकडे ते घर. हा सिनेमा पडला, पैसा बुडाला, आणि ‘सुवर्णरेखा’ तयार होऊनही १९६५ पर्यंत अडकून राहिला.

त्या पडत्या काळात पुण्याने त्यांना हात दिला. प्रभात स्टुडिओच्या जागेत उभ्या राहिलेल्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये १९६५-६६ च्या सुमारास ते शिकवायला आले, उपप्राचार्यही झाले. मुक्काम अल्पच, पण मणि कौल, कुमार शहानी, मल्याळी दिग्दर्शक जॉन अब्राहम असे विद्यार्थी त्यांच्या हाताखालून गेले. आवारातल्या आंब्याच्या झाडाखाली, ‘विज्डम ट्री’खाली, त्यांचे वर्ग रात्री उशिरापर्यंत चालत, असं आजही सांगतात. पुण्यातले दिवस सुखाचे होते, असं घटकांनी स्वतः नोंदवलं आहे. त्यांच्या चरित्रात असे दिवस थोडेच.

पुढे दारूने शरीर पोखरलं, मनोरुग्णालयात राहावं लागलं. तिथेही त्यांनी नाटक लिहिलं आणि तिथल्याच लोकांना घेऊन ते बसवलं. १९७२ मध्ये विमानातून पद्मा ओलांडताना आपल्याला रडू फुटलं, असं त्यांनी नंतर सांगितलं. स्वतंत्र बांगलादेशात जाऊन त्यांनी अद्वैत मल्लबर्मन यांच्या कादंबरीवर ‘तिताश एकटी नदीर नाम’ केला, तोही क्षयाने खंगत असताना. शेवटच्या ‘जुक्ती तक्को आर गप्पो’मध्ये दारूच्या आहारी गेलेल्या विचारवंताची भूमिका स्वतःच केली. ६ फेब्रुवारी १९७६ ला, वयाच्या पन्नाशीत, ते गेले.

१९५२ मध्येच पूर्ण झालेला त्यांचा पहिला सिनेमा ‘नागरिक’ १९७७ मध्ये, म्हणजे मृत्यूनंतर, प्रदर्शित झाला. त्याच्या शेवटी एक मध्यमवर्गीय कुटुंब कोलकात्यातलं आपलं भाड्याचं घर सोडून झोपडपट्टीची वाट धरतं.