तरवड

दख्खनच्या कोरड्या माळावर आपोआप वाढणारे, पिवळ्या फुलांचे झुडूप. संस्कृत आवर्तकी, कन्नड तंगडी व आवरिके, तेलुगू तंगेडु, तमिळ आविरै किंवा आवारम, सिंहली रणवरा. शास्त्रीय नाव सेन्ना ऑरिक्युलाटा, कुल शिंबावंत. भारताचा कोरडा भाग, श्रीलंका आणि म्यानमार हे याचे मूळ क्षेत्र मानतात. सोलापूर जिल्हा सह्याद्रीच्या पर्जन्यछायेत येतो. तिथे मुरमाड माळ, ओढ्याचे काठ, शेताचे बांध आणि रस्त्याच्या कडा ही याची नेहमीची जागा. मराठी, कन्नड आणि तेलुगू या तिन्ही भाषा सोलापूर या एकाच शहरात बोलल्या जातात आणि तिन्हींत या झुडपाला घरचे नाव आहे. म्हणून या नोंदीत सोलापूर परिसराचा विचार मुख्य धरला आहे.

झुडूप साधारण पुरुषभर उंचीचे, बुडापासून फांद्या फुटलेले. साल तांबूस तपकिरी. पाने संयुक्त, पर्णिकांच्या आठ ते बारा जोड्या, प्रत्येक जोडीच्या मध्ये एक बारीक ग्रंथी. देठाच्या बुडाशी दोन मोठी, कानाच्या पाळीसारखी उपपर्णे असतात. ऑरिक्युलाटा म्हणजे ‘कानवाली’, आणि हे नाव पडले ते याच उपपर्णांवरून. शेंग चपटी, कागदासारखी पातळ, बोटभर लांब; वाळल्यावर वाऱ्याने खुळखुळते. फुले जवळजवळ वर्षभर तुरळक दिसतात, पण खरा बहर पावसाळ्याच्या उत्तरार्धापासून थंडीपर्यंत.

फूल हातात घेऊन पाहिले तर त्याची रचना चमत्कारिक वाटते. पुंकेसर दहा, पण सारखे नाहीत. वरचे तीन खुरटे आणि वांझ, खालचे लांब आणि बाकदार. मध नाही. परागकोश उकलत नाहीत. त्यांच्या टोकाला फक्त बारीक छिद्रे असतात. सकाळी मोठा काळा भुंगा येतो, पुंकेसरांना मिठी मारतो आणि पंख न हलवता छातीचे स्नायू थरथरवतो. उडतानाचा गुंजारव थांबून एकदम वरच्या पट्टीतला तुटक आवाज येतो. त्या हादऱ्याने पराग छिद्रांतून उडतो. काही भुंग्याच्या पोटी जातो, काही अंगाला लागून पुढच्या फुलावर. ज्याला असे थरथरवता येत नाही त्या कीटकाच्या हाती इथे फारसे काही लागत नाही. बहरातल्या तरवडापाशी पाच मिनिटे उभे राहिले तरी हा आवाज ऐकू येतो.

वर्गीकरणात नाव बदलले आहे. लिनीअसने १७५३ साली हे झुडूप कॅसिया प्रजातीत घातले. रॉक्सबर्गच्या ‘फ्लोरा इंडिका’च्या मरणोत्तर प्रकाशित (१८३२) आवृत्तीत ते सेन्नामध्ये गेले. तरीही पुढे दीडशे वर्षे बहुतेक ग्रंथ कॅसियाच लिहीत राहिले. १९८२ मध्ये अर्विन व बार्नेबी यांनी या गटाची फेरमांडणी केली आणि त्यानंतर सेन्ना हे नाव रूढ झाले. जुन्या मराठी ग्रंथांतील कॅसिया ऑरिक्युलाटा ते हेच. भुईतरवड मात्र निराळे. ते सोनामुखीच्या गटातील ठेंगणे, रेचक पाल्याचे झुडूप आहे. औषधी म्हणून पाला वापरताना या दोहोंची गल्लत होऊ देऊ नये.

संस्कृत नावाचा प्रश्न अधिक गुंतागुंतीचा आहे. आज बहुतेक कोशांत ‘आवर्तकी म्हणजे तरवड’ असे समीकरण सरळ दिलेले असते. त्याचा मुख्य आधार म्हणजे राजनिघंटू हा औषधी द्रव्यांच्या नावांचा संस्कृत कोश. नरहरी पंडितांच्या या ग्रंथाचा काळ निश्चित नाही. चौदाव्यापासून सतराव्या शतकापर्यंत वेगवेगळी मते आहेत. त्यात आवर्तकीची पर्यायनामे येतात ती अशी : चर्मरंगा, रंगलता, रक्तपुष्पी, पीतकीला, विभांडी इत्यादी. यांतले चर्मरंगा, म्हणजे कातड्याला रंग देणारी, हे नाव तरवडाला इतके चपखल बसते की ओळख पटल्यासारखी वाटते. तरवडाची साल कातडे कमावण्यासाठीच प्रसिद्ध आहे. पण उरलेली नावे अडचण करतात. तरवड ही लता नाही. त्याचे फूल तांबडे नाही. आणि ‘आवर्त’ म्हणजे पीळ किंवा भोवरा. तरवडाच्या कोणत्याही भागाला पीळ नसतो.

दुसरीकडे मुरुडशेंग या झाडाला संस्कृतात आवर्तनी म्हणतात. तिची शेंग मळसूत्रासारखी पिळलेली असते आणि फूल तांबडे असते. आवर्तनी आणि आवर्तकी ही नावे कानाला इतकी जवळची आहेत की लेखनपरंपरेत एकीची विशेषणे दुसरीला चिकटणे सहज शक्य होते. एकाच वनस्पतीची म्हणून दिलेली ही नावे निदान दोन वनस्पतींची असावीत, हे मत अधिक ग्राह्य वाटते. तसे मानल्यास चर्मरंगा आणि पीतकीला तरवडाकडे राहतात, रक्तपुष्पी मुरुडशेंगेकडे जाऊ शकते. रंगलतेचे कोडे तरीही सुटत नाही. आवर्तकी हा शब्दच ‘आविरै’सारख्या द्राविडी नावाचे संस्कृतीकरण असावा, असाही तर्क करता येतो. झुडूप मुख्यतः दक्षिणेचे आहे हे ध्यानात घेता तो फेटाळण्याजोगा नाही. मराठी ‘तरवड’ आणि संस्कृत ‘तरवट’ यांचे नाते उघड आहे, पण कोणी कोणाकडून घेतले हे ठरवताना सावध राहिलेले बरे.

स्थलनामांबाबतही हीच सावधगिरी हवी. विजयनगर आणि दख्खनच्या सुलतानांमधील १५६५ च्या लढाईला ज्या गावजोडीवरून राक्षस-तंगडीची लढाई म्हणतात, त्यांतले तंगडगी हे गाव सोलापूरला लागून असलेल्या विजयपूर जिल्ह्यात कृष्णाकाठी आहे. या नावाचा संबंध तंगडी झुडपाशी जोडण्याचा मोह होतो. केवळ ध्वनिसाम्यावर तसे ठरवू नये.

साहित्यातील सर्वांत जुने उल्लेख संगम काव्यात, म्हणजे सर्वांत प्राचीन तमिळ काव्यात, मिळतात. त्यांचा काळ ढोबळमानाने इसवी सनाच्या आगेमागेच्या शतकांतला मानतात. प्रेम नाकारले गेलेला तरुण ताडाच्या झावळ्यांच्या घोड्यावर बसून गावातून जातो आणि गळ्यात आविरै व रुईची माळ घालतो, असा तिथे संकेत आहे. रानातली, कोणी न लावलेली फुले हे त्याच्या उघड्यावर आलेल्या दुःखाचे चिन्ह. पुढे तमिळ म्हणीत याच फुलाला आरोग्याचे स्थान मिळाले : आवारम फुललेले असताना कोणी मेलेले पाहिले आहे काय, असा त्या म्हणीचा आशय.

व्यवहारात तरवडाची खरी किंमत सालीला होती. सालीत टॅनिनचे प्रमाण सुमारे १८ टक्के असते आणि तिने कमावलेले कातडे फिकट रंगाचे व मऊ होते. एकोणिसाव्या शतकात मद्रास इलाख्यातून परदेशी जाणारे कमावलेले कातडे मोठ्या प्रमाणावर याच सालीवर तयार होई. पुढे दक्षिण आफ्रिकेतून येणाऱ्या वॅटल या बाभूळवर्गीय झाडाच्या सालीने तिची जागा घेतली. सोलापूर भागात कातडे कमावण्याचे काम परंपरेने ढोर समाजाकडे होते. हा समाज आपली परंपरा बाराव्या शतकातील शरण ककय्यांशी, म्हणजे बसवण्णांच्या प्रभावळीशी, जोडतो. महाराष्ट्रात बाभळीची साल आणि हिरडा यांचा वापर अधिक. दक्षिणेकडे सरकावे तसा तरवडाचा वाटा वाढत जातो, आणि सोलापूर या दोन पद्धतींच्या सीमेवर येते.

धार्मिक वापराचा काळ म्हणजे आश्विन. घटस्थापनेच्या आधी बाजारात परडी, काळी माती, सुगडे आणि धान्याच्या पुड्यांशेजारी तरवडाच्या फुलांचे ढीग दिसतात. नवरात्रात घटावर रोज एक माळ चढते आणि दिवस मोजले जातात तेही माळांनीच : ‘आज कितवी माळ?’ असेच विचारतात. तरवडाबरोबर कारळ्याची फुलेही चालतात. देवीला पिवळा रंग प्रिय म्हणून तरवड, असे स्पष्टीकरण ऐकू येते. त्यापेक्षा साधे कारण अधिक पटते. पाण्याची टंचाई असलेल्या या मुलखात फुलबाग ही चैन होती, आणि आश्विनात पैसा न मोजता, पाणी न घालता ओंजळभर फूल देणारे झुडूप माळावर उभे होते. याच दिवसांत तुळजापूरची ओढ लागते. कोजागरीला सोलापूरहून तुळजापूरला पायी जाणाऱ्यांना वाटेतल्या माळांवर तरवड भेटतो.

याच पंधरवड्यात सोलापूरच्या पूर्व भागात तेच फूल दुसऱ्या नावाने पूजेला बसते. तेलंगणातून विणकामासाठी आलेल्या पद्मशाली समाजाची वस्ती इथे मोठी आहे. १८७७ साली सोलापुरात पहिली कापडगिरणी निघाल्यानंतर ही वस्ती वाढत गेली. भाद्रपद अमावास्येपासून दुर्गाष्टमीपर्यंत चालणाऱ्या बतुकम्मा सणात ताटात फुलांचे थर गोलाकार रचत वर निमुळते नेतात. तंगेडु आणि गुनुगु ही त्यातली मुख्य फुले. गुनुगु म्हणजे ज्वारी-बाजरीच्या शेतात तण म्हणून उपटला जाणारा कुरडू. त्याचे रुपेरी-गुलाबी तुरे रंगात बुडवूनही लावतात. शिखरावर हळदीची गौरम्मा, म्हणजे गौरी, बसवतात. बायका भोवती फेर धरून ‘उय्यालो’ या पालुपदाची गाणी म्हणतात आणि शेवटी बतुकम्मा पाण्यात सोडतात. एका कथेनुसार भावजयीने मारून गावाबाहेर पुरलेल्या नणंदेच्या जागी तंगेडु उगवला आणि तिने भावाकडे मागणे मागितले, की दरवर्षी या फुलांनी माझी आठवण करा. २०१४ साली तेलंगण राज्याने तंगेडु हे राज्यपुष्प ठरवले. महाराष्ट्राचे राज्यपुष्प ताम्हण. सोलापूरच्या माळाला ते परके आहे.

औषधी उपयोगांत मधुमेहावर फुलांचा काढा, सुजेवर व मुक्या मारावर पाल्याचे पोटीस आणि डोळे येण्यावर बियांची पूड यांचा उल्लेख होतो. रक्तातील साखरेवरील परिणाम प्राण्यांवरील प्रयोगांत दिसला आहे. तेवढ्यावर चालू औषध बंद करू नये. श्रीलंकेत रणवऱ्याच्या फुलांचा चहा घरोघरी पितात. दख्खनमध्ये उन्हात काम करणारे लोक पाला मुंडाशाखाली ठेवतात.

जनावरे तरवडाला सहसा तोंड लावत नाहीत, त्यामुळे चराईच्या माळावरही तो टिकून राहतो. त्याला धोका आहे तो माळ नांगरला जाण्याचा, आणि ‘पडीक’ समजून त्यावर परकी झाडे लावण्याचा. १९७९ साली स्थापन झालेल्या नान्नज येथील माळढोक अभयारण्याच्या परिसरातही गवताळ माळावर गिरिपुष्पाची (ग्लिरिसिडिया या परक्या झाडाची) लागवड झाली होती. तरवडाचे बी कठीण कवचाचे असते. कवच खरवडल्याशिवाय लवकर रुजत नाही. कोयत्याने तोडलेले झुडूप बुंध्यातून पुन्हा फुटते. यंत्राने मुळासकट उकरलेले फुटत नाही.