कार्टच्या इंजिनातली पळी

भाच्याच्या कॉलेजातली पोरं गो-कार्ट, म्हणजे शर्यतीची छोटी उघडी गाडी, बांधत होती, वागळे इस्टेटमधल्या एका शेडमध्ये. मी गेलो तेव्हा चेसिस उभी होती आणि वाद पेटला होता ऑइलवरून. "मामा, बाइकचं ट्वेंटी-फिफ्टी (२०डब्ल्यू-५०) तेल उरलंय, तेच ओततो. ठाण्याच्या उकाड्यात दाट तेलच बरं ना?"

ऐकायला पटतं. पण त्यांच्या कार्टवर होतं होंडाचं जीएक्स-१६०, म्हणजे १६३ सीसीचं, पाण्याचे पंप नि जनरेटर चालवणारं साधं इंजिन. त्यात ऑइल पंप नसतोच. कनेक्टिंग रॉडच्या खालच्या टोकाला पळीसारखी एक जीभ असते. मिनिटाला ३६०० फेरे धरले, तर ती सेकंदाला ६० वेळा तेलात बुडते आणि ते उडवते. बेअरिंग, कॅम, सिलिंडरची भिंत, सगळ्यांची तहान या शिंतोड्यांवरच भागते. आता तेलाऐवजी काकवी आहे असं समजा. पळीला जोर जास्त लागणार, शिंतोडे कमी उडणार आणि बारीक फटींत शिरायला उशीर होणार.

तेलाच्या डब्यावर '१०डब्ल्यू-३०' अशी ग्रेड लिहिलेली असते; त्यातला डब्ल्यू म्हणजे विंटर. अलीकडचा १० हा आकडा उणे २५ अंशांच्या चाचणीवरून ठरतो. ठाण्यात पारा शून्याच्या जवळपासही फिरकत नाही, तेव्हा त्याची फारशी फिकीर नको. खरा आकडा पलीकडचा. १०० अंशांना तापलेलं '३०'चं तेलही नळाच्या गार पाण्याच्या साधारण ९ ते १२ पट दाट असतं, '५०'चं १६ ते २२ पट. इंजिन गार असताना तर ट्वेंटी-फिफ्टी दुपटीहून जास्त दाट भरतं. होंडा या इंजिनाला सर्वसाधारण वापरासाठी १०डब्ल्यू-३० सांगते ते उगाच नाही.

बाइकचं तेल वेगळं का, हेही पोरांनी विचारलं. बाइकमध्ये क्लच आणि गिअर त्याच तेलात बुडालेले असतात, म्हणून क्लच घसरू न देणारं खास तेल लागतं. कार्टचा सेंट्रिफ्यूगल क्लच (इंजिनाचा वेग वाढला की आपोआप पकडणारा) बाहेर, कोरडा. त्यामुळे गाडीचं साधं फोर-स्ट्रोक तेल चालतं. (टू-स्ट्रोक रेसिंग कार्टची तऱ्हाच निराळी: तिथे तेल पेट्रोलमध्येच मिसळतात, आणि काही जण अजूनही एरंडेलावर जीव टाकतात.)

माझ्या मते ग्रेडपेक्षा जास्त इंजिनं मरतात ती तेलाच्या चुकीच्या पातळीमुळे. आत मावतं जेमतेम ०.६ लिटर. कमी पडलं तर वळणावर तेल एका बाजूला सरकतं आणि पळी हवेत फिरते. जास्त झालं तर घुसळून फेस होतो. पोरांनी मोजलं तेव्हा कार्ट एका बाजूने जॅकवर होती! इंजिन सपाट हवं, आणि डिपस्टिक, म्हणजे तेलाची पातळी मोजायची काडी, आत घालायची ती आटे न पिळता.

फिल्टरही नाही, त्यामुळे झिजलेल्या धातूची भुकटी तेलातच फिरत राहते. म्हणून पहिलं ऑइल २० तासांनी बदलायचं, पुढे दर १०० तासांनी, आणि काढायचं ते इंजिन कोमट असताना. पोरांनी पहिलं तेल स्टीलच्या परातीत काढलं. उन्हात धरल्यावर त्यात चांदीची पूड कालवल्यासारखं दिसत होतं.