मेसिएच्या यादीतल्या दीर्घिका: तुमच्या दुर्बिणीतून काय दिसेल

(दुर्बीण घेणाऱ्या आमच्या ग्राहकांसाठी)

नवी दुर्बीण नेल्यावर पहिल्याच आठवड्यात अनेकजण आम्हाला फोन करतात. देवयानी दीर्घिका (आपल्या आकाशगंगेसारखा ताऱ्यांचा प्रचंड समूह) सापडली, पण नुसताच पांढरट, धूसर डाग दिसतोय; आरशात काही बिघाड आहे का, असं विचारतात. बिघाड नसतो. दीर्घिका डोळ्याला तशीच दिसते. छायाचित्रातले रंग आणि सर्पिल भुजा कॅमेऱ्याने बराच वेळ प्रकाश साठवल्यावर उमटतात. या दीर्घिका ज्यांनी शोधल्या त्यांनाही असेच डाग दिसले होते, आणि त्यांनी ते कसे हेरले हे माहीत असलं की तुमचीही नजर लवकर तयार होते.

यादी झाली ती धूमकेतूंमुळे

शार्ल मेसिए (१७३०–१८१७) पॅरिसमधल्या क्लुनी वाड्याच्या वेधशाळेत काम करायचा. त्याला ध्यास होता धूमकेतूंचा. १७५८ मध्ये एका धूमकेतूचा माग काढताना वृषभ राशीत त्याला धूमकेतूसारखाच एक डाग दिसला, पण तो जागचा हलेना. तो आजचा एम १ (‘एम’ म्हणजे मेसिए), म्हणजेच क्रॅब तेजोमेघ, वायू आणि धुळीचा एक ढग. अशा फसव्या डागांची नोंद ठेवावी म्हणून त्याने यादी सुरू केली. १७७४ मध्ये छापलेल्या पहिल्या यादीत ४५ पिंड होते आणि त्यांत दीर्घिका फक्त तीन: एम ३१ (म्हणजेच देवयानी), एम ३२ आणि एम ३३. १७८१ च्या यादीत आकडा १०३ वर गेला. पुढे अभ्यासकांनी भर घालून तो ११० केला. आज त्यातल्या ४० दीर्घिका मानल्या जातात (एम १०२ नेमका कोणता यावर वाद आहे, तो धरून).

सगळ्या दीर्घिका मेसिएनेच शोधल्या असं मात्र नाही. एम ३१ ची नोंद अल् सूफी या इराणी ज्योतिर्विदाने ९६४ मध्येच ‘छोटा ढग’ म्हणून केली होती. अंधाऱ्या जागेवरून तो नुसत्या डोळ्यांनीही दिसतो. एम ८१ आणि एम ८२ ही जोडी बर्लिनच्या योहान बोडेने १७७४ च्या अखेरच्या रात्री शोधली. आणि पिएर मेशँ या मेसिएच्या सहकाऱ्याचं नाव तर फारच कमी घेतलं जातं, याची आम्हाला खंत वाटते. एम ९४, एम १०१, एम १०४ आणि आणखी कितीतरी दीर्घिका त्याच्या आहेत.

कन्या राशीतली गर्दी

१७७९ च्या वसंतात एक धूमकेतू कन्या राशीतून चालला होता आणि युरोपभरचे निरीक्षक त्याच्या मागावर होते. त्या वाटेवर कोहलर या जर्मन निरीक्षकाला एम ५९ आणि एम ६० सापडल्या, मेसिएला एम ५८, तर मिलानच्या ओरियानीला एम ६१. ही एम ६१ मेसिएनेही त्याच रात्री पाहिली, पण तिलाच धूमकेतू समजला. काही रात्रींनी डाग जागचा हललेला नाही हे दिसलं, तेव्हा चूक उमगली. पुढे १८ मार्च १७८१ च्या एका रात्रीत त्याने याच भागात आठ दीर्घिकांची नोंद केली. त्यातली एम ८५ मेशँने दोन आठवडे आधी पाहिली होती. बाकी सात नव्या होत्या. एम ९१ चं स्थान ज्या दीर्घिकेपासून मोजलं, ती कोणती यात मेसिएचा घोळ झाला आणि दिलेल्या जागी काहीच सापडेना. १९६९ मध्ये टेक्सासच्या विल्यम्स या हौशी निरीक्षकाने तो गुंता सोडवला.

एप्रिलमध्ये रात्री अकराच्या सुमारास हा भाग आपल्याकडे डोक्यावर येतो. उत्तरा फाल्गुनीचा तारा आणि कन्येतला एप्सिलॉन तारा यांच्या साधारण मधोमध दुर्बीण रोखा. एम ८४ आणि एम ८६ एकाच दृश्यात दिसतील. तिथून थोडी सरकवलीत की एम ८७. तिच्या केंद्रातल्या कृष्णविवराचं चित्र २०१९ मध्ये जगाने पाहिलं. तुमच्या दुर्बिणीत शिरणारा तिचा प्रकाश सुमारे साडेपाच कोटी वर्षांपूर्वी निघालेला आहे.

डाग म्हणजे दीर्घिका, हे कळायला वेळ लागला

एम ५१ मेसिएला १७७३ मध्ये सापडली. तिची सर्पिल रचना दिसायला १८४५ साल उजाडलं, आणि त्यासाठी आयर्लंडमध्ये लॉर्ड रॉसला सहा फूट व्यासाचा धातूचा आरसा घडवावा लागला. तरीही हे डाग आपल्याच आकाशगंगेतले की बाहेरचे, हा वाद १९२० नंतरही चालू होता. ऑक्टोबर १९२३ मध्ये एडविन हबल या खगोलशास्त्रज्ञाला अमेरिकेतल्या माउंट विल्सन वेधशाळेच्या शंभर इंची दुर्बिणीने एम ३१ मध्ये एक सेफीड रूपविकारी तारा सापडला, म्हणजे ज्याचं तेज ठरावीक काळाने कमी-जास्त होतं आणि त्या काळावरून अंतर काढता येतं असा तारा. त्यावरून काढलेलं अंतर इतकं प्रचंड होतं की ही वेगळीच दीर्घिका आहे हे मान्य करावं लागलं. आजच्या मापनानुसार ते सुमारे २५ लाख प्रकाशवर्षं आहे.

प्रत्यक्ष बघताना

मेसिएच्या धातूच्या आरशांतून बराच प्रकाश वाया जायचा. अंधाऱ्या आकाशाखाली आजच्या चार इंची दुर्बिणीतून त्याची सगळी यादी पाहता येते. अंधार मात्र हवाच. शहराच्या उजेडात दीर्घिका बुडून जातात, आणि तेजोमेघांसाठीचे फिल्टर इथे फारसे कामी येत नाहीत. त्यामुळे केवळ दीर्घिकांसाठी कोणी फिल्टर मागितला तर आम्ही तो घेऊ नका असंच सांगतो. ते पैसे गावाबाहेर जाण्यावर खर्च करा. अमावस्येच्या आसपासची रात्र निवडा, अर्धा तास मोबाइल बंद ठेवा, आधी २५ मिलिमीटरचा आयपीस (डोळा लावायचं भिंग) लावा. डागाकडे थेट न पाहता त्याच्या जरा बाजूला नजर ठेवलीत की तो उठून दिसतो.

सुरुवात डिसेंबरात एम ३१ पासून करा. रात्री साडेआठच्या सुमारास ती उत्तरेला उंच असते. एम ५१ सप्तर्षींतल्या मरीचीजवळ आहे. सहा इंची दुर्बिणीत तिचे आणि जोडीदाराचे दोन डाग दिसतील. भुजांचा मागमूस लागायला दहा-बारा इंची आरसा लागतो. एम ८३ मात्र चुकवू नका. पॅरिसहून ती क्षितिजापासून जेमतेम ११ अंश वर येते, म्हणून मेसिएला ती मोठ्या कष्टाने दिसली. पुण्याहून ती ४१ अंशांवर चढते. मे महिन्यात रात्री दहा-अकराला दक्षिणेकडे बघा. तोवर आरसा जुळवून हवा असेल तर दुर्बीण दुकानात घेऊन या. कॉलिमेशन आम्ही तुमच्यासमोर करतो आणि शिकवतोही.