भंगारात सापडलेला रेल्वेचा माल: दोष फक्त चोराचा?

‘चोरी दुसऱ्याने केली, आपण रोख पैसे मोजून वजनावर माल घेतला,’ एवढ्याने भंगारवाला सुटतो, हा जुना समज चुकीचा आहे. माल चोरीचा असल्याचे मानण्यास कारण असतानाही तो घेणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम 317 नुसार स्वतंत्र गुन्हा आहे. आणि आवरण जाळून काढलेली काळवंडलेली तांब्याची तार कोणी गोणीत भरून आणली, तर संशयाला आणखी काय हवे? रेल्वेच्या मालाबाबत 1966 चा कायदा त्याहून कडक आहे. रुळाच्या क्लिपा किंवा सिग्नलची केबल चोरीची असल्याच्या वाजवी संशयावरून ताब्यात सापडली, तर ती रीतसर मिळाल्याचे बाळगणाऱ्यानेच सिद्ध करायचे असते, अन्यथा पहिल्याच गुन्ह्यात 5 वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. रेल्वे आपले भंगार लिलावाने विकते, त्यामुळे सरळ मार्गाने आलेल्या मालामागे कागद असतो.