वाँग का कुई गाता गाता पडला नव्हता

हाँगकाँगच्या ‘बियाँड’ बँडचा गायक-गीतकार वाँग का कुई भर मैफलीत, गाता गाता मंचावरून कोसळून गेला, असं वर्षानुवर्षं सांगितलं जातं. मंच होता हे खरं, पण मैफल नव्हती. २४ जून १९९३ च्या मध्यरात्रीनंतर टोकियोतल्या फुजी टेलिव्हिजनच्या स्टुडिओत एका विनोदी खेळाच्या कार्यक्रमाचं चित्रीकरण सुरू होतं. गिटार नाही, माइक नाही. उंचावरची अरुंद फळी, ओली निसरडी जमीन आणि ढकलाढकलीचा खेळ. झटापटीत मागचा पडदा-भिंत सुटली आणि का कुई सुमारे पावणेतीन मीटर खाली डोक्यावर आपटला. सोबत पडलेला जपानी सूत्रसंचालक उचिमुरा तेरुयोशी वाचला. का कुई सहा दिवस बेशुद्ध होता. ३० जूनला गेला, वय ३१.

‘होय फुट तिन हुंग’ (अथांग समुद्र, मोकळं आकाश) हे त्याचं ‘निरोपाचं गाणं’, हीसुद्धा मागाहून चिकटवलेली गोष्ट. शब्द आणि चाल दोन्ही त्याचेच, पण बँडच्या दहाव्या वर्षाच्या निमित्तानं केलेलं ते गाणं अपघाताआधीच बाजारात आलं होतं. त्यात मरणाची चाहूल नाही. स्वप्नावरून झालेली हेटाळणी आणि तरीही न सोडलेला हट्ट आहे. २०१४ च्या छत्री आंदोलनात (लोकशाहीच्या मागणीसाठीचं आंदोलन) हाँगकाँगच्या रस्त्यांवर लोकांनी ते गायलं, तेही याच हट्टापायी.